दारूचा जमाखर्च : शरीर, संसार आणि समाज



राम गणेश गडकरी यांच्या 'एकच प्याला' या नाटकाचा पहिला प्रयोग फेब्रुवारी १९१९ मध्ये आपल्या बडोद्यात झाला. गंधर्व नाटक मंडळीने तो केला. गडकरी त्याआधी महिनाभरच, जानेवारीत, वारले होते. हुशार वकील सुधाकर, अपमानाच्या एका क्षणी त्याच्या हाती आलेला पहिला प्याला आणि पुढे सिंधूच्या संसाराची झालेली धूळधाण ही कथा आपल्या घरांत आजी-आजोबांपासून माहीत आहे. शंभरावर वर्षे उलटली. आता दारूच्या दुष्परिणामांवर जगभर मोजमाप झाले आहे, आकडे उपलब्ध आहेत. ते सभासदांना एका जागी वाचायला मिळावेत, यासाठी हा लेख लिहिला आहे.

'गुजरातेत तर दारूबंदी आहे, मग आपल्या मंडळात हा विषय कशाला?' असे काही जण म्हणतील. त्याची दोन कारणे आहेत. आपली मुले-मुली शिक्षणासाठी आणि नोकरीसाठी पुणे, बंगळुरू, हैदराबाद, कॅनडा अशी सगळीकडे आहेत, आणि दमण व आबूही काही लांब नाहीत. दुसरे कारण जास्त महत्त्वाचे. ज्या राज्यात पिणे हा गुन्हा आहे, तिथे एखाद्या घरात व्यसन शिरले तर त्याबद्दल बोलणेही अवघड होते. लाज असतेच, वर कायद्याची भीती. आपण मराठीत एरवीसुद्धा 'दारू पितो' असे म्हणत नाही. 'तो घेतो', 'कधीमधी बसतात' एवढ्यावर भागवतो.

मी डॉक्टर नाही. आयुष्य बँकेत गेले, त्यामुळे कोणत्याही गोष्टीकडे जमा आणि नावे अशा दोन बाजूंनी पाहायची सवय लागली आहे. दारूचा हिशोब तसा मांडून पाहिला, तेव्हा एक गोष्ट लक्षात आली. दारूचे उत्पन्न एकाच खिडकीवर, ठळकपणे दिसते. तिचा खर्च मात्र अनेकांच्या खात्यांत थोडाथोडा विखुरलेला असतो आणि त्यांतील बरीच खाती न पिणाऱ्यांची असतात. म्हणूनच तो खर्च आपल्या डोळ्यांत भरत नाही.

जगाचे आकडे

जागतिक आरोग्य संघटनेने २०२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अहवालात २०१९ या वर्षाचे आकडे दिले आहेत. त्यांतील मुख्य असे :

- त्या एका वर्षात जगात दारूमुळे सुमारे २६ लाख मृत्यू झाले. एकूण मृत्यूंत हे प्रमाण ४.७ टक्के, म्हणजे साधारण दर एकवीस मृत्यूंमागे एक.
- या २६ लाखांत सुमारे २० लाख पुरुष आणि ६ लाख स्त्रिया होत्या.
- सुमारे १६ लाख मृत्यू हृदयविकार, कर्करोग, यकृताचे आजार अशा असंसर्गजन्य रोगांनी झाले. सव्वासात लाखांच्या आसपास मृत्यू अपघात, आत्महत्या, मारामाऱ्या अशा इजांमुळे, तर पावणेतीन लाखांहून अधिक मृत्यू क्षयासारख्या संसर्गजन्य रोगांनी झाले.
- एकूण मृत्यूंत दारूमुळे झालेल्या मृत्यूंचे प्रमाण २० ते ३९ या वयोगटात सर्वाधिक, सुमारे १३ टक्के, होते. हे कमावते वय आहे.
- जगातील सुमारे ४० कोटी लोकांना दारूशी निगडित विकार होता. त्यांतील जवळजवळ २१ कोटी पूर्णपणे व्यसनाधीन होते.
- दारूशी संबंधित रस्ते-अपघातांत सुमारे २ लाख ९८ हजार लोक मेले. त्यांतील १ लाख ५६ हजार मृत्यू दुसऱ्या कोणाच्या तरी पिण्यामुळे झाले.

शेवटचा आकडा पुन्हा वाचावा, ही विनंती. दारूच्या अपघातात मरणाऱ्यांपैकी निम्म्याहून अधिक जण दुसऱ्याच्या पिण्याचे बळी आहेत.

याच अहवालांत थोडी समाधानाची बाबही आहे. २०१८ च्या अहवालात २०१६ सालासाठी हाच मृत्यूंचा आकडा सुमारे ३० लाख होता. म्हणजे नुकसान कमी होऊ शकते.

भारतापुरते पाहायचे तर केंद्र सरकारच्या सामाजिक न्याय मंत्रालयाने दिल्लीच्या एम्समार्फत केलेले सर्वेक्षण २०१९ मध्ये प्रसिद्ध झाले. त्यानुसार देशात सुमारे १६ कोटी लोक दारू घेतात. त्यांतील ५ कोटी ७० लाख लोकांचे पिणे मदतीची गरज भासावी इतके वाढलेले आहे आणि त्यांपैकी २ कोटी ९० लाख व्यसनाधीन आहेत. व्यसनाधीन असलेल्या ३८ जणांपैकी जेमतेम एकाला कुठले तरी उपचार मिळतात.

राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात (२०१९-२१) पंधरा वर्षांवरील पुरुषांत दारू घेणाऱ्यांचे प्रमाण तेलंगणात सुमारे ४३ टक्के, गोव्यात ३७, मध्य प्रदेशात १७, महाराष्ट्रात १४ आणि गुजरातेत ६ टक्के आढळले. ही लोकांनी स्वतः दिलेली उत्तरे आहेत. बंदी असलेल्या राज्यात घरी आलेल्या सरकारी माणसाला किती जण खरे सांगतील, हे ज्याने त्याने ठरवावे.

'थोडीशीच घेतली' म्हणजे किती?

व्हिस्की म्हणजे दारू आणि बिअर म्हणजे थंड पेय, हा गैरसमज फार पसरला आहे. शरीराला बाटलीवरचे नाव कळत नाही, आत किती शुद्ध अल्कोहोल आहे तेवढेच कळते. साधा गुणाकार करून पाहू :

- व्हिस्की किंवा रमचा ३० मिलिलिटरचा एक लहान पेग : सुमारे १० ग्रॅम अल्कोहोल.
- साध्या बिअरची (५ टक्के) ६५० मिलिलिटरची बाटली : सुमारे २५ ग्रॅम, म्हणजे अडीच लहान पेग.
- 'स्ट्राँग' बिअरची (८ टक्के) तेवढीच बाटली : सुमारे ४१ ग्रॅम, म्हणजे चार लहान पेग.

'आमचा मुलगा फक्त बिअर घेतो' असे म्हणणाऱ्या पालकांनी हा हिशोब ध्यानात ठेवावा. यकृत तासाला साधारण सात ते दहा ग्रॅम अल्कोहोलचाच निचरा करू शकते. काळी कॉफी, लिंबू, गार पाण्याची आंघोळ यांनी हा वेग वाढत नाही. रात्री अकराला चार लहान पेगांएवढी दारू पोटात असेल, तर ती शरीराबाहेर जायला पहाटेचे तीन-चार वाजतात. मोटार वाहन कायद्यानुसार १०० मिलिलिटर रक्तात ३० मिलिग्रॅमहून अधिक अल्कोहोल आढळले तर तो गुन्हा आहे. पहिल्याच वेळी सहा महिन्यांपर्यंत कैद किंवा दहा हजार रुपये दंड किंवा दोन्ही होऊ शकते.

शरीराच्या खात्यावर

दारूचा संबंध दोनशेहून अधिक आजारांशी आणि इजांशी आहे. सगळ्यांची यादी देत बसत नाही, मुख्य तेवढे सांगतो.

यकृत : प्रथम यकृतात चरबी साठते. या टप्प्यावर पिणे थांबवले तर यकृत बहुधा पूर्ववत होते. थांबवले नाही तर पुढे दाह होतो आणि शेवटी सिरॉसिस, म्हणजे यकृताच्या जागी निबर, निकामी ऊतक तयार होते. पोटात पाणी होणे, रक्ताची उलटी, कावीळ ही लक्षणे फार उशिरा दिसतात. तोपर्यंत माणूस 'मला काहीच त्रास नाही' असे म्हणत असतो.

कर्करोग : जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संशोधन संस्थेने दारूला पहिल्या गटातील, म्हणजे माणसात कर्करोग घडवणारा निश्चित पदार्थ म्हणून १९८८ मध्येच नोंदवले. तंबाखू आणि ॲस्बेस्टॉस याच गटात आहेत. अल्कोहोलचे शरीरात अॅसिटाल्डिहाइड होते आणि ते पेशींतील डीएनएला इजा करते. तोंड, घसा, स्वरयंत्र, अन्ननलिका, यकृत, मोठे आतडे आणि स्त्रियांचे स्तन या ठिकाणच्या कर्करोगांशी दारूचा संबंध सिद्ध झालेला आहे. २०२० मध्ये जगातील सुमारे ७ लाख ४१ हजार नव्या कर्करुग्णांचा आजार दारूमुळे झाल्याचा अंदाज आहे. तंबाखू आणि दारू एकत्र आली तर तोंडाच्या आणि घशाच्या कर्करोगाचा धोका नुसत्या बेरजेपेक्षा जास्त वाढतो. आपल्याकडच्या गुटखा-मावा खाणाऱ्यांनी हे विशेष लक्षात घ्यावे.

हृदय आणि मेंदू : रक्तदाब वाढतो, हृदयाचे ठोके अनियमित होतात, पक्षाघाताचा धोका वाढतो. 'रोज एक ग्लास रेड वाइन हृदयाला चांगली' ही समजूत १९९० च्या दशकात जगभर पसरली. पुढे त्या अभ्यासांतली एक गोम लक्षात आली. न पिणाऱ्यांच्या गटात, आजारी पडल्यामुळे दारू सोडलेले लोकही मोजले गेले होते. त्यामुळे तो गट मुळातच अशक्त दिसत होता आणि थोडे पिणारे उगीच धडधाकट ठरत होते. जागतिक आरोग्य संघटनेने जानेवारी २०२३ मध्ये स्पष्ट केले, की आरोग्यासाठी सुरक्षित म्हणता येईल असे दारूचे कोणतेही प्रमाण नाही.

स्त्रिया आणि गर्भ : तेवढ्याच वजनाच्या पुरुषाइतकी दारू घेतली, तरी स्त्रीच्या रक्तात तिचे प्रमाण जास्त चढते. गरोदरपणात घेतलेली दारू नाळेतून थेट बाळापर्यंत जाते आणि मेंदूची कायमची हानी करू शकते.

आपल्या वयाच्या मंडळींसाठी : झोपेच्या गोळ्यांवर दारू घेतली तर श्वास मंदावून जिवावर बेतू शकते. मधुमेहाची काही औषधे किंवा इन्सुलिन चालू असताना, विशेषतः उपाशीपोटी घेतली, तर रक्तातील साखर एकदम उतरते. ही गुंगी नशेची समजून लोक त्या माणसाला झोपू देतात, हाच धोका आहे.

व्यसन हा आजार आहे

पहिला प्याला माणूस आपल्या मर्जीने घेतो. पण वारंवार पिण्याने मेंदूत जे बदल होतात, त्यांनंतर थांबणे निव्वळ मर्जीचे राहत नाही. डॉक्टर याला आजार म्हणतात, स्वभावदोष नव्हे. ओळखण्यासाठी जगभर चार सोपे प्रश्न विचारले जातात :

१. पिणे कमी करायला हवे असे तुम्हाला कधी वाटले का?
२. तुमच्या पिण्यावर कोणी बोलले की राग येतो का?
३. पिण्याबद्दल मनात अपराधी वाटते का?
४. सकाळी उठल्यावर हात स्थिर करायला किंवा उतारा म्हणून कधी घ्यावी लागली का?

यांतील दोन किंवा अधिक उत्तरे 'हो' असतील तर डॉक्टरांना भेटायला हवे.

इथे दोन धोक्याच्या सूचना. पहिली, रोज भरपूर पिणाऱ्याने एकाएकी, घरच्या घरी दारू बंद करू नये. हात थरथरणे, घाम, फिट येणे, भास होणे आणि क्वचित मृत्यू इथपर्यंत प्रकरण जाऊ शकते. दारू सोडायची ती डॉक्टरांच्या देखरेखीखाली. दुसरी, 'पिणाऱ्याच्या नकळत जेवणात औषध घाला आणि दारू सोडवा' अशा जाहिरातींना भुलू नये. डायसल्फिराम नावाचे औषध पोटात असताना दारू घेतली तर रक्तदाब कोसळू शकतो. ते रुग्णाला सांगूनच, त्याच्या संमतीने द्यायचे असते.

संसाराच्या खात्यावर

एक अनुभव सांगतो. नोकरीतली काही वर्षे मी मध्य प्रदेशातील एका शाखेत होतो. तिथे एक दफ्तरी होता. कामाला चोख, स्वभावाने गोड, पण संध्याकाळचा नेम चुकत नसे. पगार जमा होण्याच्या दिवशी त्याची पत्नी दहाच्या आधीच शाखेच्या पायरीवर येऊन बसायची. आम्ही त्याच्याकडून पैसे काढण्याची स्लिप भरून घ्यायचो आणि निम्मी रक्कम वहिनींच्या हाती द्यायचो. यात आपण मोठे पुण्यकर्म करतो आहोत असे आम्हाला वाटे.

पुढे त्याने प्रॉव्हिडंट फंडातून कर्ज मागितले. कारण लिहिले होते, 'घरदुरुस्ती'. दुरुस्ती कसली ते मला ठाऊक होते. तरी मी शिफारशीची सही केली. नंतर वहिनींच्या बांगड्या आमच्याच शाखेत सोनेतारणात आल्या. दोनदा नूतनीकरण झाले, तिसऱ्यांदा लिलावाची नोटीस निघाली. तो चव्वेचाळिसाव्या वर्षी यकृताच्या आजाराने गेला. फॅमिली पेन्शनचे कागद मीच भरले. त्या वेळी त्याचा खातेउतारा चाळला. दहा वर्षांच्या उताऱ्यात दारूची एकही नोंद नव्हती. होती ती फक्त रोख काढल्याची.

आम्ही अकरा जणांचा स्टाफ होतो. त्याच्या पगाराची वाटणी आम्ही केली, कर्ज मंजूर केले, सोने तारण ठेवले. त्याच्याशी दारूविषयी एकदाही कोणी बसून बोललो नाही. 'आपण कसे बोलायचे' म्हणून गप्प राहिलो. आज वाटते, निदान एकदा त्याला डॉक्टरांकडे घेऊन जायला हवे होते.

पैशाचे नुकसान मोजता येते. मुलांच्या मनावरचे मोजता येत नाही. संध्याकाळी बाबा कोणत्या पावलांनी जिना चढतात, हे ओळखायला शिकलेली मुले शाळेत लक्ष कसे देणार? बायकोला मारहाण, अंगावरचे दागिने जाणे, नातेवाइकांनी येणे टाळणे आणि या सगळ्यावर पांघरूण घालण्यात त्या बाईचे अर्धे आयुष्य जाणे, ही सिंधूची कथा १९१९ मध्ये संपलेली नाही.

देशाच्या खात्यावर

दारू हा राज्यांच्या अखत्यारीतला विषय आहे. पिण्याची दारू वस्तू व सेवा कराच्या बाहेर ठेवलेली आहे, त्यामुळे तिच्यावरचा उत्पादन शुल्काचा पैसा थेट राज्याच्या तिजोरीत जातो. अनेक राज्यांच्या स्वतःच्या करउत्पन्नात त्याचा वाटा साधारण दहा ते पंधरा टक्के असतो. अर्थमंत्र्यांना हा पैसा सोडवत नाही, ते यामुळेच.

आता नावे बाजू पाहा. अमेरिकेत २०१० या एका वर्षात अतिरिक्त मद्यपानाची किंमत २४९ अब्ज डॉलर होती, असे तिथल्या सरकारी आरोग्य यंत्रणेचे गणित आहे. त्यांतील जवळजवळ तीन चतुर्थांश रक्कम कामाच्या नुकसानीची होती : गैरहजेरी, कामात चुका, अकाली मृत्यू. आणि पाचांतील दोन हिस्से खर्च सरकारवर पडला. विकसित देशांच्या ओईसीडी या संघटनेने २०२१ च्या अहवालात म्हटले आहे, की पुढील तीस वर्षांत दारूमुळे सदस्य देशांचे सकल उत्पन्न दरवर्षी सरासरी १.६ टक्के कमी राहील. भारतासाठी चंदीगडच्या संशोधकांनी २०११ ते २०५० या काळाचा हिशोब मांडला. दारूवरील करांचे उत्पन्न वजा केल्यानंतरही देशाचे निव्वळ नुकसान दरवर्षी सकल उत्पन्नाच्या सरासरी १.४५ टक्के निघाले.

बँकेच्या भाषेत सांगायचे, तर हा दरवर्षी तोट्यात जाणारा धंदा आहे. पण नफा एका खात्यात दिसतो आणि तोटा इस्पितळ, पोलीस, कारखाना आणि स्वयंपाकघर यांच्या खात्यांत वाटला जातो. सगळ्यांचा ताळेबंद एकत्र कोणी मांडत नाही.

बंदी की नियंत्रण?

यावर जगाने बरेच प्रयोग केले आहेत.

अमेरिकेने १९२० ते १९३३ अशी तेरा वर्षे देशभर दारूबंदी केली. पिणे घटले, पण चोरटा धंदा आणि टोळ्या फोफावल्या आणि शेवटी घटनादुरुस्ती करून बंदी उठवावी लागली.

रशियाचे उदाहरण सर्वांत बोलके आहे. गोर्बाचेव्ह यांनी मे १९८५ मध्ये दारूविरोधी मोहीम सुरू केली. दुकाने आणि वेळा कमी केल्या, किमती वाढवल्या. पुरुषांचे सरासरी आयुर्मान सुमारे ६२ वर्षांवरून दोनच वर्षांत ६५ च्या आसपास गेले. पण तिजोरीला खड्डा पडला, लोक चिडले, मोहीम बारगळली. सोव्हिएत संघ कोसळल्यानंतर आर्थिक अरिष्ट आणि स्वस्त दारू एकत्र आली आणि १९९४ मध्ये तेच आयुर्मान ५८ च्याही खाली घसरले. पुढे रशियाने कर वाढवले, व्होडकाची किमान किंमत ठरवली, रात्रीची विक्री आणि जाहिराती बंद केल्या. २००३ ते २०१६ या काळात दरडोई दारू ४३ टक्क्यांनी घटली आणि २०१८ मध्ये पुरुषांचे आयुर्मान सुमारे ६८ वर्षांवर पोहोचले. एकाच देशात पुरुषांचे आयुष्य दारूबरोबर असे खाली-वर झाले.

स्कॉटलंडने मे २०१८ पासून दारूला किमान किंमत ठरवून दिली. त्याहून स्वस्त विकायची नाही. पुढे मोजले, तेव्हा निव्वळ दारूमुळे होणारे मृत्यू सुमारे १३ टक्क्यांनी कमी आढळले.

आपल्याकडे घटनेच्या ४७ व्या अनुच्छेदात दारूबंदीचे उद्दिष्ट आहे. मुंबई राज्याचा १९४९ चा दारूबंदी कायदा गुजरातने १९६० मध्ये वेगळे झाल्यावरही चालू ठेवला. बंदीचा उपयोग नाही असे मी म्हणणार नाही. संध्याकाळी उशिरा आपल्या मुली-सुना रस्त्याने निर्धास्त फिरतात, याचे काही श्रेय तिला आहेच. पण बंदी आहे म्हणून दारू नाही, असेही नाही. २००९ मध्ये अहमदाबादेत विषारी दारूने शंभराहून अधिक माणसे गेली. २०२२ मध्ये बोटाद भागात पुन्हा चाळीसहून अधिक. मिथाइल अल्कोहोल हे औद्योगिक द्रव्य चोरट्या दारूत मिसळले जाते. शरीरात त्याचे फॉर्मिक आम्ल होते, ते आधी डोळे आणि मग जीव घेते. वेळेत इस्पितळ गाठले तर यावर उपचार आहेत. पण पकडले जाण्याच्या भीतीने लोक घरीच थांबतात. अर्थात हे फक्त बंदीच्या राज्यात घडते असे नाही. २०१५ मध्ये मुंबईच्या मालवणीत, जिथे परवान्याची दारू खुलेआम मिळते, तिथेही शंभरावर माणसे गेली. मरणारे सगळीकडे गरीबच असतात.

स्त्रियांनी पुढाकार घेतला, तिथे चित्र वेगळे दिसते. १९९२ मध्ये आंध्रच्या नेल्लोर जिल्ह्यातील दुबगुंटा गावात, साक्षरता वर्गात शिकणाऱ्या स्त्रियांनी सरकारी अर्काची दुकाने बंद पाडली. त्या आंदोलनातून १९९५ मध्ये राज्यभर दारूबंदी आली. १९९७ मध्ये महसुलाच्या कारणाने ती उठवण्यात आली. गडचिरोलीत डॉ. अभय बंग यांच्या पुढाकाराने आणि लोकांच्या आंदोलनाने १९९३ पासून जिल्हा दारूमुक्त आहे. २०१६ पासून तिथे 'मुक्तिपथ' हा कार्यक्रम चालतो. बंदीबरोबर गावसंघटना, जनजागृती आणि व्यसनींवर उपचार हे तिन्ही त्यात आहेत. महाराष्ट्रात निम्म्याहून अधिक महिला मतदारांनी 'आडव्या बाटली'ला मत दिले, तर गावातील दारूचे दुकान बंद करता येते.

या सगळ्यातून मला समजले ते एवढे. किंमत वाढवणे, मिळण्याची ठिकाणे आणि वेळा कमी करणे, जाहिराती रोखणे यांनी नुकसान नक्की घटते. उपचार आणि समाजाची साथ नसेल तर नुसता कायदा अपुरा पडतो.

मुलांची संध्याकाळ

शेवटचे उदाहरण आइसलँडचे. आपल्यासारख्या मंडळांशी त्याचा थेट संबंध आहे, म्हणून राखून ठेवले. १९९८ मध्ये तिथल्या १५-१६ वर्षांच्या मुलांपैकी ४२ टक्के मुले मागील महिन्यात दारू पिऊन झिंगली होती. २०१६ मध्ये हे प्रमाण ५ टक्क्यांवर आले. त्यांनी भाषणे कमी केली आणि मुलांची संध्याकाळ भरून टाकली. खेळ, संगीत, नृत्य यांच्या वर्गांना सरकारने पैसे दिले, गरीब घरांतील मुलांनाही त्यांत आणले. पालकांनी एकमेकांशी लेखी करार केले. रात्री मुलांनी अमुक वेळेनंतर बाहेर राहायचे नाही, हा नियम कसोशीने पाळला. पालकांनी मुलांबरोबर घालवलेला वेळ वाढला.

हे वाचताना मला आपली नाट्यशाखा, ढोल-पथक, उन्हाळी शिबिरे आणि गणेशोत्सवाच्या तालमी आठवल्या. त्यांना आपण 'संस्कृती जपणे' म्हणतो. ते आहेच, शिवाय ती मुलांची भरलेली संध्याकाळ आहे. तालमीला एक मुलगा महिनाभर दिसला नाही, तर चौकशीचा एक फोन करणे हेही कार्यकर्त्याचे काम समजावे. लग्न-मुंजीत, सहलीत 'चालायचंच' म्हणून ओली मेजवानी खपवून घेणे वडीलधाऱ्यांनी थांबवावे. मुले आपले ऐकत नाहीत, आपल्याकडे पाहतात.

मदत कोठे मिळेल?

- राष्ट्रीय व्यसनमुक्ती हेल्पलाइन : १४४४६ (निःशुल्क).
- मानसिक आधारासाठी सरकारची 'टेलि-मानस' सेवा : १४४१६.
- मोठ्या सरकारी इस्पितळांचे मनोविकार विभाग. तिथे व्यसनावर उपचार होतात. रुग्ण म्हणून जाताना संकोच बाळगू नये.
- पुण्याचे 'मुक्तांगण' व्यसनमुक्ती केंद्र. डॉ. अनिता आणि अनिल अवचट यांनी पु. ल. देशपांडे यांच्या साहाय्याने १९८६ मध्ये ते सुरू केले. मराठीतून उपचार आणि समुपदेशन हवे असणाऱ्यांना सोयीचे.
- 'अल्कोहोलिक्स अॅनॉनिमस'. १९३५ मध्ये अमेरिकेत दोन व्यसनी मित्रांनी सुरू केलेली ही स्वमदत गटांची चळवळ आज जगभर आहे. फी नाही, नाव जाहीर करावे लागत नाही. कुटुंबीयांसाठी 'अल-अॅनॉन' हे वेगळे गट आहेत. पिणारा तयार नसला तरी घरच्यांनी तिथे जाता येते.

घरच्यांसाठी एक सूचना : बोलायचे ते सकाळी, माणूस शुद्धीवर असताना, एकट्याला गाठून. रात्री वाद घालू नये. उधाऱ्या आपण फेडू नयेत, ऑफिसला खोट्या सबबी कळवू नयेत. मारहाण होत असेल, तर आधी आपली आणि मुलांची सुरक्षितता पाहावी. व्यसन परत उलटले तरी ते आजारात होतेच, असे समजून पुन्हा उपचार घ्यावेत. सुटलेली आणि सुधारलेली माणसे पुष्कळ आहेत. ती आपल्या आसपासच असतात, फक्त सांगत नाहीत.

आपल्या ओळखीच्या एखाद्या घरात हा त्रास असेल, तर हा लेख त्यांना दाखवावा. दाखवायला संकोच वाटला तर नुसते त्यांच्याकडे चहाला जावे आणि विषय निघेपर्यंत बसावे. माझ्या शाखेत ते राहून गेले.